चौफेर वाचन आणि वाचकाचे दायित्व

'चौफेर वाचन' हा मराठीतील गौरवाचा शब्द आहे. गौरवग्रंथात, शोकसभेत, व्याख्यात्याच्या परिचयात तो हटकून येतो आणि तो आला की त्याविषयी कोणी शंका घेत नाही. ज्याने कादंबरी वाचली, इतिहास वाचला, चरित्र, प्रवासवर्णन, विज्ञान, तत्त्वज्ञान वाचले, तो एकाच प्रकारात रमणाऱ्या वाचकापेक्षा काही तरी अधिक आहे असे गृहीत धरले जाते. हे 'अधिक' नेमके कसले, हा प्रश्न मात्र क्वचित विचारला जातो. ते माहितीचे अधिक असेल तर त्यासाठी कोश पुरेसे आहेत. आनंदाचे असेल, तर एकाच वाङ्मयप्रकारात बुडून गेलेल्या वाचकाला आनंद कमी मिळतो असे सिद्ध करता येणार नाही. बहुधा उलटच सिद्ध होईल. मग उरते ते नैतिक अधिक. अनेक प्रकारचे ग्रंथ वाचणारा माणूस अधिक न्यायी, अधिक समंजस, दुसऱ्याविषयी अधिक जबाबदार होतो, असा एक अस्फुट दावा या शब्दात दडलेला असतो. तो दावा तपासून पाहण्याजोगा आहे.

मराठीत गद्याची ढोबळ विभागणी 'ललित' आणि 'वैचारिक' अशी केली जाते. ग्रंथालयांच्या याद्या, पुरस्कारांची वर्गवारी आणि अभ्यासक्रम हीच विभागणी पुढे चालवतात. तिचा अर्थ शब्दशः घ्यायचा तर ललितात विचार नसतो आणि विचारात लालित्य नसते, असे होईल. इरावती कर्वे यांचे 'युगान्त' (1967) किंवा दुर्गा भागवत यांचे 'व्यासपर्व' (1962) यांना अशा विभागणीत धड घर मिळत नाही, ही गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. तरी विभागणी टिकून आहे, कारण ती वर्णनासाठी नसून प्रतवारीसाठी आहे. वैचारिकाच्या शेजारी ललित काहीसे कमी, आणि ललितातही प्रेमकथा सर्वांत खाली. 'रंजनवादी' हे विशेषण लावले की त्या पुस्तकाविषयीची चर्चा संपते. चौफेर वाचनाचे कौतुक होते तेव्हाही या उतरंडीला धक्का लागत नाही. चौफेर वाचणाऱ्या विद्वानाने प्रेमकथाही वाचल्या होत्या, हे सांगताना त्यात त्याच्या दिलदारपणाचा सूर असतो.

गंमत अशी की मराठी वाचकाचा प्रत्यक्ष व्यवहार या उतरंडीला फारसा जुमानत आलेला नाही. काशिनाथ रघुनाथ मित्र यांनी 1909 मध्ये 'मनोरंजन' मासिकाचा दिवाळी अंक काढला, आणि त्यानंतर रूढ झालेल्या परंपरेत एकाच वेष्टनात प्रेमकथा, समीक्षालेख, कविता, व्यक्तिचित्र आणि वार्षिक राशिभविष्य सुखाने नांदत आले. ज्या घरात वर्षभर दुसरे पुस्तक विकत घेतले जात नाही तेथेही हा मिश्र ऐवज येतो. मात्र याच परंपरेने वाचनवैविध्याला एक घातक रूपकही बहाल केले, ते फराळाचे. चकलीनंतर करंजी आणि करंजीनंतर चिवडा, तसे कथेनंतर लेख आणि लेखानंतर कविता. रूपक गोड आहे, पण ते मूळ प्रश्न झाकते. करंजी खाणाऱ्याकडून करंजीची कोणतीच अपेक्षा नसते. ग्रंथाची वाचकाकडून असते, आणि ती प्रत्येक प्रकाराची निराळी असते. वाचनाच्या निवडीला नैतिक परिमाण प्राप्त होते ते येथे.

निवडीच्या नीतीचा विचार पाश्चात्त्य तत्त्वज्ञानात ज्या चर्चेत सर्वांत नेमका झाला, ती चर्चा खरे म्हणजे ग्रंथांविषयीची नव्हती. जेरेमी बेंथॅमने 'द रॅशनेल ऑफ रिवॉर्ड'मध्ये (1825) असे प्रतिपादन केले की, पूर्वग्रह बाजूला ठेवले तर मुलांचा टाचण्यांचा खेळ आणि काव्य-संगीतादी कला यांचे मोल सुखाच्या परिमाणावरच ठरवावे लागेल. ज्या खेळाने अधिक लोकांना सुख होते तो काव्याहून मोलाचा. जॉन स्टुअर्ट मिलला हे पटणे शक्य नव्हते. 1861 मध्ये प्रसिद्ध झालेल्या उपयुक्ततावादावरील आपल्या निबंधात त्याने सुखांत प्रतीचा भेद मानला आणि तो ठरवण्यासाठी एक कसोटी दिली: दोन सुखांपैकी वरचे कोणते हे सांगण्याचा अधिकार त्यालाच, ज्याला दोन्हींचा सारखाच परिचय आहे. आगरकरांच्या पिढीवर मिलचा केवढा प्रभाव होता हे सर्वश्रुत आहे. पण मिलची ही कसोटी मराठी वाङ्मयचर्चेत आली ती बहुतेक एकाच अंगाने, म्हणजे अभिरुचीची उच्चनीचता समर्थित करण्यासाठी. तिचे दुसरे अंग अधिक जाचक आहे. दोन्हींचा परिचय नसेल तर निर्णयाचा अधिकारच नाही. ज्या समीक्षकाने प्रेमकथा वाचलेली नाही, त्याला तिची पायरी ठरवता येणार नाही, मग त्याने इतर काहीही वाचलेले असो.

म्हणजे वैविध्य हा केवळ रसिकतेचा अलंकार राहत नाही. ती न्यायनिवाड्याची पूर्वअट ठरते. पण अट दिसते तेवढी सोपी नाही. 'परिचय' म्हणजे काय? पानांवरून नजर फिरवणे हा परिचय नव्हे, हे मिललाही मान्य झाले असते. क्यू. डी. लीव्हिस यांनी 'फिक्शन अँड द रीडिंग पब्लिक' (1932) या ग्रंथासाठी लोकप्रिय कादंबऱ्यांचा प्रचंड साठा धुंडाळला, लेखकांना प्रश्नावल्या पाठवल्या, आणि आपल्या पद्धतीला मानवशास्त्रीय म्हटले. शब्द बोलका आहे. मानवशास्त्रज्ञ दुसऱ्यांच्या वस्तीवर जातो, टिपणे घेतो आणि परत येतो. लीव्हिस यांनी त्या कादंबऱ्या वाचल्या हे निर्विवाद; त्या कादंबऱ्यांच्या वाचक त्या क्षणभर तरी झाल्या होत्या की काय, हे त्यांच्या ग्रंथातून कळत नाही. लोकप्रिय कादंबरी म्हणजे एक प्रकारचे व्यसन, हा त्यांचा निष्कर्ष प्रवासाला निघण्यापूर्वीच त्यांच्यापाशी होता असे वाटत राहते.

अर्ध्या शतकानंतर जॅनिस रॅडवे यांनी 'रीडिंग द रोमान्स' (1984) मध्ये दुसरी वाट चोखाळली. अमेरिकेच्या मध्यपश्चिमेकडील एका गावातील, ज्याला त्यांनी 'स्मिथटन' असे बदललेले नाव दिले, प्रेमकथा नियमाने वाचणाऱ्या स्त्रियांना त्यांनी विचारले, की तुम्ही हे का वाचता? उत्तरांतून पुढे आले ते पुस्तकांपेक्षा वाचण्याच्या कृतीविषयी अधिक होते. घरातील सर्वांची उस्तवार करण्यात ज्यांचा दिवस जातो त्या स्त्रियांसाठी हातात पुस्तक धरून बसणे म्हणजे काही वेळ आपण कोणाच्या उपयोगाच्या नाही असे जाहीर करणे होते. यांपैकी काही वाचक शेवट आधी वाचून घेत आणि तो सुखाचा आहे याची खात्री पटल्यावरच पुस्तक विकत घेत. रूपवादी समीक्षेच्या दृष्टीने हा अडाणीपणा ठरेल. पण वाचकाच्या बाजूने पाहता ती कराराची पडताळणी आहे. प्रेमकथा एक वचन देते. ज्याच्या आयुष्यात दिलेली वचने सहसा पाळली जात नाहीत, त्याला ते आधी तपासून घ्यावेसे वाटले तर त्यात नवल नाही. रॅडवे यांनी या वाचनाचे सरसकट समर्थन केलेले नाही. हा सौम्य निषेध प्रत्यक्ष परिस्थिती बदलण्याची ओढ विझवतही असेल, अशी शंका त्यांनी नोंदवली आहे. पण ती शंका ऐकून घेतल्यानंतरची आहे, म्हणून तिला वजन आहे.

येथे आक्षेप येईल की, असे म्हणत गेले तर सर्वच वाचन सारखे ठरेल आणि बेंथॅमचा टाचण्यांचा खेळ मागल्या दाराने परत येईल. 'ज्याला जे आवडेल ते त्याने वाचावे' हे वाक्य अलीकडे उदारपणाचे लक्षण मानले जाते. वस्तुतः त्यात उदारपणापेक्षा उदासीनता अधिक आहे. दुसऱ्याने काय वाचावे याविषयी आपल्याला काहीही म्हणायचे नाही, याचा अर्थ दुसऱ्याच्या वाचनाने काहीही बिघडत वा सुधारत नाही असा होतो. आणि मग वाचनाला एवढे महत्त्व देण्याचे कारण उरत नाही. ग्रंथांत डावे-उजवे असते. प्रश्न ते कोणत्या मापाने ठरवायचे, हा आहे; आणि प्रकाराप्रकारांची मापे निराळी असतात हे ज्याला अनुभवाने उमगलेले नाही, त्याच्या हातात बहुधा एकच माप असते.

मापांची गल्लत झाली की काय होते, याचे चित्र जेन ऑस्टिनच्या 'नॉर्दॅन्गर अॅबी'त (1817 च्या अखेरीस प्रकाशित) आहे. कॅथरिन मॉरलंड ही भयरम्य कादंबऱ्यांची भोक्ती. तिला इतिहास वाचवत नाही. त्यात राजांची आणि पोपांची भांडणे फार आणि बाया जवळपास नाहीतच, अशी तिची तक्रार आहे. पुढे ती जनरल टिल्नीच्या घरी पाहुणी जाते आणि त्या घरात पत्नीचा खून झाला असावा असा तर्क बांधते. तर्क खोटा ठरतो, ती लज्जित होते, आणि शाळेतून शिकवला जाणारा बोध असा निघतो की कादंबऱ्या वाचून मुली बिघडतात. ऑस्टिनने मात्र गोष्ट तेथे सोडलेली नाही. जनरलने खून केलेला नसतो. पण कॅथरिन आपल्याला वाटली तेवढी श्रीमंत नाही हे कळताच तो तिला कोणाच्या सोबतीशिवाय दूरच्या प्रवासाला परत धाडतो. माणसाची जात तिने बरोबर ओळखली होती, घटना चुकीची ठरवली होती. कादंबरीने तिला क्रौर्याचा वास घेण्यास शिकवले, पुरावा तपासण्यास शिकवले नाही. ते काम इतिहासाचे. आणि इतिहासाने तिच्यासारख्यांना वगळून तिचा विश्वास आधीच गमावलेला. ज्याच्याशी तिचे लग्न होते तो हेन्री टिल्नी कादंबऱ्या आवडीने वाचतो आणि इतिहासकारांची बाजूही घेतो, हा तपशील सहज म्हणून आलेला नसावा.

एकाच प्रकाराला वाहिलेल्या वाचनाने माणसाचे काय होते, याची दोन आत्मनिवेदने प्रसिद्ध आहेत. चार्ल्स डार्विनने 1876 मध्ये लिहिलेल्या आणि त्याच्या मृत्यूनंतर 1887 मध्ये छापल्या गेलेल्या आत्मवृत्तात आपली काव्याची आणि संगीताची गोडी पार नाहीशी झाल्याची खंत व्यक्त केली आहे. तथ्यांच्या राशीतून नियम दळून काढणारे यंत्र झाल्यासारखे त्याला वाटत होते. पण त्याच पानांत तो हेही सांगतो की घरची माणसे त्याला कादंबऱ्या वाचून दाखवीत, त्या त्याला फार आवडत, आणि दुःखान्त कादंबऱ्यांविरुद्ध कायदाच असावा. पुराव्याच्या बाबतीत कमालीचा काटेकोर असलेला हा मनुष्य प्रेमकथेकडून पुरावा मागत नव्हता. स्मिथटनच्या स्त्रियांप्रमाणेच तोही सुखी शेवटाचे वचन मागत होता. मिलची गोष्ट याहून गंभीर. वडिलांच्या हाताखाली तिसऱ्या वर्षी ग्रीकपासून सुरू झालेल्या शिक्षणाची परिणती 1826 मध्ये, विशीतच, एका खोल नैराश्यात झाली. त्यातून बाहेर काढणारा पहिला किरण कोणत्या तत्त्वचिंतकाच्या ग्रंथातून आला नाही. मार्मॉन्तेल या फ्रेंच लेखकाच्या आठवणींमधील, वडिलांच्या मृत्यूनंतर घरच्यांना धीर देणाऱ्या मुलाच्या प्रसंगाने त्याला रडू आले. नंतर वर्ड्सवर्थ आला. दोन्ही सुखे अनुभवल्यावाचून निवाडा करू नये, ही कसोटी ज्याने सांगितली त्याने ती अशा रीतीने कमावली होती.

इथवर आलेला विचार सी. एस. लुईसच्या एका भेदाने बांधून टाकण्याचा मोह होतो. 'अॅन एक्स्पेरिमेंट इन क्रिटिसिझम' (1961) मध्ये लुईसने सुचवले की पुस्तकांवरून वाचक जोखण्याऐवजी वाचनाच्या रीतीवरून पुस्तके जोखावीत. काही जण पुस्तक वापरतात, काही जण त्याचा स्वीकार करतात. ज्या पुस्तकाचे 'स्वीकारणारे' वाचन शक्य आहे ते चांगले. मध्ययुगीन प्रेमकाव्यावर आयुष्य घालवलेल्या अभ्यासकाला हा विचार सुचावा हे स्वाभाविकच आहे. प्रेमकथेला तो न्याय देतो, कवितेला देतो, महाकाव्यालाही देतो. परंतु कथेतर लेखनाच्या एका मोठ्या भागापाशी तो अपुरा पडतो. काही ग्रंथ असे असतात की त्यांचा नुसता स्वीकार करणे म्हणजे त्यांच्यावर अन्याय करणे होय.

दया पवार यांचे 'बळुतं' 1978 मध्ये प्रसिद्ध झाले. दलित आत्मकथनांची जी परंपरा त्यानंतर बळावली, लक्ष्मण माने यांचे 'उपरा' (1980) आणि शांताबाई कांबळे यांचे 'माझ्या जल्माची चित्तरकथा' (1986) हे तिचे परिचित टप्पे, तिच्याविषयी मराठी मध्यमवर्गीय वाचकांची जी प्रतिक्रिया छापील स्वरूपात उपलब्ध आहे, तिच्यात एक वाक्प्रयोग पुन्हा पुन्हा भेटतो: 'आमचे अनुभवविश्व विस्तारले'. हे प्रशस्तिपत्र प्रामाणिक आहे यात शंका नाही. पण वाक्याचा कर्ता कोण आहे ते पाहावे. दुसऱ्याच्या वाट्याला आलेला अपमान येथे वाचकाच्या विश्वाच्या विस्ताराचे साधन झालेला आहे. लुईसच्या परिभाषेत बोलायचे तर ग्रंथ 'वापरला' गेला, आणि तोही स्वीकाराच्या नावाखाली. 'ययाति' मिटल्यानंतर वाचक देवयानीचे वा शर्मिष्ठेचे काही देणे लागत नाही. त्यांचे दुःख खरे वाटणे हीच कादंबरीची मागणी होती आणि ती पुरी झाली. 'बळुतं' मिटल्यानंतर हिशेब असा मिटत नाही. जे सांगितले ते घडले, त्याच भूगोलात, त्याच भाषेत, अनेकदा वाचकाच्या आजोबांच्या काळी आणि त्यांच्या गावी. साक्ष ऐकणारा मनुष्य रसिक राहू शकत नाही. त्याने साक्ष खरी मानली असेल तर त्याच्यावर काही तरी येऊन पडते. खोटी मानली असेल तर तसे म्हणण्याचे उत्तरदायित्व येऊन पडते. 'काय जिवंत भाषा आहे' एवढे म्हणून उठणे या दोहोंतून निसटणे आहे.

दया पवारांनी या निसटण्याची जागा ग्रंथाच्या रचनेतच आधी हेरून ठेवलेली दिसते. दगडू मारुती पवार सांगतो आणि दया पवार हा शिकलेला, शहरी झालेला लेखक ऐकतो, अशी ती मांडणी आहे. ऐकणारा सांगणाऱ्याहून वेगळा नाही आणि पूर्ण तोही नाही. मध्यमवर्गीय वाचक बसणार होता ती खुर्ची अशा रीतीने आधीच अडवलेली आहे. उलट 'बळुतं'वर जे वाचक रागावले, वस्तीतली लाज चव्हाट्यावर मांडली असा आक्षेप ज्यांनी घेतला, आणि असे वाचक दलित समाजातूनही पुढे आले, त्यांनी हा ग्रंथ अधिक योग्य रीतीने वाचला असे म्हणावे लागते. त्यांचा आक्षेप मान्य करण्याचे कारण नाही. पण साक्ष म्हणून ज्याचा आपल्याशी संबंध पोचतो असा ग्रंथ ते वाचत होते. भांडण हा साक्षीला दिलेला प्रतिसाद असू शकतो. विस्तारलेले अनुभवविश्व हा नसतो.

मराठी समीक्षेने दलित आत्मकथनांबाबत 'कलात्मक की सामाजिक' हा वाद दीर्घ काळ घातला. तो काहीसा निष्फळ ठरला, कारण दोन्ही पक्ष ग्रंथाच्या गुणांविषयी बोलत होते. वाचकाच्या कर्तव्याविषयी कोणी बोलत नव्हते. फडके-खांडेकर वादातही नेमके हेच झाले होते. 'प्रतिभासाधन' (1931) लिहिणारे फडके कादंबरीकाराच्या तंत्राविषयी बोलत, खांडेकर कादंबरीकाराच्या ध्येयाविषयी. कला कोणासाठी, हे दोघांनी पुष्कळ सांगितले. वाचक कशासाठी, हे दोघांच्याही लेखी आधीच ठरलेले होते.

उलट दिशेची गल्लतही मराठीला अपरिचित नाही. 'विभावरी शिरूरकर' या नावाने 'कळ्यांचे निःश्वास' हा कथासंग्रह 1933 मध्ये आला तेव्हा खळबळ उडाली ती कथांच्या गुणावगुणांवरून नव्हे. हे लिहिणारी कोण, आणि हे कोणत्या मुलींविषयी आहे, यावरून. कथा ही जणू फिर्याद आहे असे धरून तिच्यातील साक्षीदारांचा शोध घेतला गेला. मालती बेडेकर यांना टोपणनावाचा आडोसा का घ्यावा लागला, हे त्या गदारोळाने आपोआप सांगून टाकले. येथे कथेवर अन्याय झाला हे खरे. पण तो अन्याय करणाऱ्यांना एक गोष्ट कळली होती. शिकलेल्या अविवाहित मुलीच्या घुसमटीविषयी ललितेतर लेखनात जागाच नव्हती, म्हणून ती कथेत आली होती. एखादा प्रकार दुसऱ्याचे काम करू लागतो तेव्हा बहुधा दुसऱ्याने ते काम नाकारलेले असते. कॅथरिन मॉरलंडची तक्रार हीच होती.

वैविध्याने वाचणाऱ्या आणि प्रत्येक प्रकाराला त्याचे त्याचे माप लावणाऱ्या वाचकाचे मराठीतील उदाहरण द्यायचे तर ते विद्यापीठातून न आणता एकोणिसाव्या शतकातील बुलढाण्याहून आणावे लागेल. नारो सदाशिव रिसबूड यांनी 1868 मध्ये 'मंजुघोषा' ही अद्भुतरम्य कादंबरी लिहिली आणि प्रस्तावनेत आपली अडचण मोकळेपणाने सांगितली: विवाहाच्या रीती आणि इतर कारणे यांमुळे हिंदूंच्या आयुष्यात मन वेधतील असे दुर्गुणही नाहीत आणि सद्गुणही नाहीत, रोजचे अनुभवाचे लिहावे तर त्यात चित्त गुंतणार नाही, म्हणून मनोरंजक पुस्तकासाठी अद्भुताचाच आश्रय करावा लागतो. मराठी कादंबरीच्या इतिहासात हे निवेदन वास्तववादाच्या अभावाचा पुरावा म्हणून पुष्कळदा दाखवले जाते. ते मुळात वाचकाच्या निवडीविषयीचे विधान आहे. घरात घडते ते वाचनीय नाही, असे लेखक वाचकाला सांगत आहे.

पुढे 1881 मध्ये सुरतेच्या न्यायालयात विजयालक्ष्मी या ब्राह्मण विधवेवर अर्भकहत्येचा खटला चालला, तिला फाशीची शिक्षा झाली आणि नंतर ती सौम्य करण्यात आली. वर्तमानपत्रांतून विधवांच्या, आणि त्या निमित्ताने एकूणच स्त्रियांच्या, नीतिमत्तेवर कोरडे ओढले जाऊ लागले. ताराबाई शिंदे यांनी 1882 मध्ये 'स्त्रीपुरुषतुलना' छापली ती या पार्श्वभूमीवर. स्त्रियांच्या माथी मारले जाणारे दोष एकेक घेऊन ते पुरुषांत कसे आहेत हे दाखवीत जाणारा हा निबंध सामाजिक इतिहासाचा दस्तऐवज म्हणून आज सर्वपरिचित आहे. तो एका वाचकाने लिहिलेला आहे, इकडे तितके लक्ष गेलेले नाही. 'मुक्तामाला', 'मंजुघोषा', 'मनोरमा' ही त्या काळच्या कादंबऱ्या-नाटकांची नावे त्यात येतात; पुराणकथा येतात; वर्तमानपत्रे येतात. एकाच टेबलावर न्यायालयाची बातमी, पुराण आणि प्रेमकथा ठेवून ताराबाई वाचत आहेत.

आणि त्यांच्या वाचण्याची रीत पाहण्यासारखी आहे. कादंबरी खोटी आहे म्हणून त्या तिला मोडीत काढत नाहीत. नायिका अद्भुत देशात का वावरते, असे रिसबुडांना विचारण्यात त्यांना स्वारस्य नाही. स्त्री अशी असते, असे जेव्हा ही पुस्तके सुचवू लागतात, म्हणजे कथेचा आडोसा सोडून जगाविषयी विधान करू लागतात, तेव्हा त्या पुस्तकांना विधानाचे माप लावतात आणि जाब विचारतात. बातमीच्या बाबतीत उलट. जे छापले ते घडले हे त्या मानतात, पण त्या घटनेवरून स्त्रीजातीचे जे चित्र रंगवले जाते ते कथा म्हणून ओळखतात आणि ती कोणी रचली हे विचारतात. प्रेमकथेत दडलेला दावा आणि बातमीत दडलेली कथा, दोन्ही त्यांना दिसतात. दोन्ही प्रकार आतून ठाऊक असल्याखेरीज हे दिसत नाही. मिलची कसोटी त्यांच्या कानावर गेली होती की नाही, याने येथे काही बिघडत नाही.

पुस्तकाचे पुढे काय झाले, हा भागही वाचनाच्या निवडीच्या इतिहासातच जमा करावा लागेल. जोतीराव फुले यांनी ताराबाईंची बाजू घेतली. पण एकूण वाचकवर्गाने पुस्तकाकडे पाठ फिरवली आणि ताराबाईंनी दुसरे पुस्तक लिहिल्याचे आढळत नाही. स. गं. मालशे यांनी 1975 मध्ये निबंध पुन्हा संपादित करून प्रसिद्ध केला तेव्हा मधली नव्वदाहून अधिक वर्षे मराठी विद्वत्तेने तो जवळजवळ वाचलाच नव्हता. या काळात ठाण्याचे मराठी ग्रंथसंग्रहालय (1893) निघाले, मुंबईचे (1898) निघाले, विद्यापीठांतून मराठीचे अध्यापन सुरू झाले, कादंबरीच्या उगमाचे इतिहास लिहिले गेले, आणि त्या इतिहासांत 'मंजुघोषा'ला ठरलेली जागा मिळाली. तिच्या एका समकालीन वाचकाने तिला छापील उत्तर दिलेले होते, याची नोंद त्या इतिहासांत सापडत नाही. कारण उत्तर ललित नव्हते. आणि वैचारिक गद्याचा इतिहास ज्यांनी लिहिला त्यांच्या लेखी ते पुरेसे वैचारिक नव्हते.